शिनाण्यांचं पाणी

फ्रेंच पद्धतीने शिनाणे केले असं कुणाला सांगितलं की पहिला प्रश्न येतो क्रीमचा. कुठलं घेतलंस, किती घातलंस, फुटलं नाही का? दुसरा वाइनचा, तोही जरा आवाज खाली आणून. शिनाणे समुद्रकाठच्या कुठल्या खडपावरचे होते, आजच्या ओहोटीचे की कालच्या, हे विचारणारं माणूस क्वचित भेटतं. माझं तर ठाम मत झालं आहे की या पदार्थाची सगळी चव एकाच गोष्टीत आहे: बाहेरून थेंबभरही पाणी न घालता, झाकण मारलेल्या टोपात शिंपले उघडताना जे पाणी सुटतं, त्या पाण्यात. क्रीम त्याच्यासाठी, वाइन त्याच्यासाठी, कांदा आणि लोणीही त्याच्याचसाठी. ते पाणी चांगलं नसेल तर बाकी सगळं पॅरिसहून आणलंत तरी फुकट.

ज्यांनी शिनाणे पाहिले नाहीत त्यांच्यासाठी थोडं. रत्नागिरीकडे यांना काकई म्हणतात, आमच्या वेंगुर्ल्या-मालवणाकडे शिनाणे. बोटभर लांबीचा, एका टोकाला निमुळता आणि दुसरीकडे पसरट असा शिंपला. रंग काळपट तपकिरी, पण कडेला हिरवी झाक. ओला शिंपला उन्हात धरला की ती हिरवी कड लख्ख उठून दिसते. शास्त्रीय नाव पेर्ना विरिडिस. तिसऱ्या नावाचे शिंपले वाळूत नाहीतर चिखलात पुरून राहतात. कालवाची एक शिंपली खडकाशी कायमची सांधलेली असते. शिनाण्याची तऱ्हा तिसरीच. त्याला एक छोटा, जिभेएवढा पाय असतो, त्यातून तो धागे काढतो आणि त्या धाग्यांनी स्वतःला खडकाला बांधून घेतो. वरून लाटा आपटत असताना, खाऱ्या पाण्याखाली, ओल्या दगडावर चिकटणारा हा गोंद इतका पक्का की जखमा सांधायला तसाच गोंद बनवता येईल का, म्हणून जगभरचे शास्त्रज्ञ त्याचा अभ्यास करत आहेत.

आणि उघडल्यावर आतला ऐवज दोन रंगांचा. काही केशरी, काही दुधाळ पांढरे. केशरी ती मादी, पांढरा तो नर. आमच्या घरातल्या मुलांची यावरून भांडणं होतात, केशरी सगळ्यांनाच हवे असतात. चवीत मला फरक जाणवत नाही, पण पांढऱ्या रसात ते केशरी तुकडे दिसायला फार सुंदर दिसतात हे खरं. कधी कधी आत वाटाण्याएवढा, मऊ कवचाचा एक खेकडा निघतो. शिनाण्याच्या पोटात बिऱ्हाड करून राहणारी ही खेकड्यांची वेगळीच जात आहे. पहिल्यांदा पाहणारा माणूस दचकतो. घाबरायचं काही कारण नाही, बाजूला काढून ठेवायचा आणि पुढे चालायचं.

शिनाणे कधी मिळतील हे आपल्या हातात नसतं. समुद्राच्या बाजूची खडपं उघडी पडायला अमावस्या-पौर्णिमेच्या आसपासची मोठी सुकती, म्हणजे ओहोटी, लागते. तेव्हा बायका गुडघाभर पाण्यात, कासोटा घट्ट मारून, लोखंडी कोयतीने नाहीतर सळईने शिनाणे खरवडून काढतात. एक डोळा खडकावर आणि एक डोळा येणाऱ्या लाटेवर. खडप शेवाळाने निसरडं झालेलं असतं, कालवांच्या कडा ब्लेडच्या धारेच्या असतात, आणि पाणी परत फिरायच्या आत काम आवरायचं असतं. तासा-दीड तासाचा खेळ. मग बाजारात त्यांचे वाटे लागतात. मावशी वाटा लावताना दोन शिंपले एकमेकांवर आपटून दाखवते. भरलेल्या, जिवंत शिनाण्याचा आवाज बद्द येतो, मेलेल्याचा पोकळ. "बाय, आजचेच आसत," ती म्हणते, आणि तो आवाज ऐकल्यावर पुढे काही विचारायची गरज राहत नाही. वाट्याच्या किमतीवरून घासाघीस करणाऱ्यांनी एकदा त्या खडपावर सुकतीच्या वेळी जाऊन उभं राहावं असं मला फार मनापासून वाटतं.

हा फ्रेंच प्रकार आमच्या घरी आणला दादाने. दादा बोटीवर होता. कोकणातल्या वाडी-वाडीत बोटीवर गेलेला एखादा तरी माणूस असतोच, आणि त्याच्या बोलण्यातून जगातली बंदरं घरबसल्या कळतात. फ्रान्सच्या पश्चिम किनाऱ्यावर ला रोशेल नावाचं बंदर आहे. तिथे उतरल्यावर त्याला कुणीतरी जेवायला नेलं आणि समोर काय आलं, तर शिनाणे. आपल्यापेक्षा लहान, निळसर काळे, पण शिनाणेच. दादाने पाककृती लिहून आणली नव्हती, त्याने खाण्याची रीत सांगितली. प्रत्येकासमोर आपापला काळा टोप, झाकणासकट. झाकण उलटं ठेवायचं, त्यात रिकामे शिंपले टाकायचे. पहिला शिनाणा हाताने किंवा काट्याने काढून खायचा आणि मग त्याचाच रिकामा शिंपला चिमट्यासारखा धरून पुढचे सगळे उचलायचे. शेवटी टोपात जो रस्सा उरतो त्यात पाव बुडवायचा. "रस्सा" हा दादाचाच शब्द. तो म्हणाला, मांस तर खाल्लंच, पण लोक त्या रश्श्यासाठी टोप तिरका करून बसले होते.

फ्रेंचांकडे याची दोन-तीन घराणी आहेत. सगळ्यात साधं ते मूल मारिनिएर, म्हणजे दर्यावर्द्यांच्या पद्धतीचे शिनाणे: लोणी, शॅलट नावाचे छोटे कांदे, कोरडी पांढरी वाइन, पार्सली. झालं. वर नॉर्मंडीकडे गेलं की तो गाई-गुरांचा, हिरव्या कुरणांचा मुलुख. तिथे त्यात क्रीम पडतं. आणि खाली ला रोशेलच्या बाजूला मूक्लाद, त्यात क्रीमबरोबर अंड्याचं पिवळं बलक आणि चिमूटभर करी पावडर किंवा केशर. फ्रेंच किनाऱ्यावरच्या जुन्या पदार्थात करी पावडर कशी, तर ला रोशेल हे बंदर, तिथे मसाल्यांची जहाजं लागायची. हे वाचलं तेव्हा मला मनापासून आनंद झाला. आपल्या बाजूच्या समुद्रातून गेलेला वास तिकडच्या शिनाण्यात जाऊन मुरला होता.

शिनाणे पाळायची त्यांची पद्धतही तिथलीच. दंतकथा अशी की १२३५ साली पॅट्रिक वॉल्टन नावाच्या एका आयरिश माणसाचं जहाज ला रोशेलच्या उत्तरेच्या खाडीत फुटलं. पोट भरायला त्याने चिखलात खांब रोवून पक्षी पकडायची जाळी लावली. पक्ष्यांपेक्षा खांबांवर शिनाणेच जास्त चढले. त्या खांबांच्या रांगांना बूशो म्हणतात. वॉल्टनची गोष्ट खरी असो नसो, खांब खरे आहेत. मों सां-मिशेलच्या उपसागरात आजही ओकच्या खांबांना दोर गुंडाळून त्यावर शिनाणे वाढवतात. तिथल्या भरती-ओहोटीत १४ मीटरपर्यंत फरक पडतो. आपल्याकडे सिंधुदुर्गात मोठ्या उधाणालाही दोन-अडीच मीटर! एवढं पाणी रोज दोनदा येऊन जातं, त्यामुळे खांबावरच्या शिनाण्यांना खायला भरपूर मिळतं आणि ते तळापासून वर असल्याने वाळू लागत नाही. या शिनाण्यांना २००६ मध्ये फ्रान्सचं भौगोलिक मानांकन मिळालं. आणि उत्तरेला लील शहरात दर सप्टेंबरच्या सुरुवातीला मोठी जत्रा भरते, तिथे दोन दिवस लोक शिनाणे आणि तळलेले बटाटे खातात आणि हॉटेलांच्या दारात रिकाम्या शिंपल्यांचे ढीग लावतात. कुणाचा ढीग मोठा याची चढाओढ असते.

आता आमच्या घरातली गोष्ट. आमच्याकडे शिनाणे करण्याचा मान काकीचा. ती शिनाण्यांचं सुकं करते: भाजलेल्या खोबऱ्या-कांद्याचं वाटप, घरचा मसाला, दोन-चार सोलं. नाहीतर उकडलेल्या शिनाण्यांना मसाला आणि रवा लावून तव्यावर तळते, ते तर बाहेरच्या बाहेर, ताटात पडायच्या आधीच संपतात. मी लहान असताना शिनाणे उकडायला ठेवताना हातात पाण्याचा तांब्या घेतला की तिचा आवाज यायचा, "पाणी कित्याक घालतंस? तेंका तेंचा पाणी आसता." शिनाणे कोरड्या टोपात, वर झाकण, खाली जाळ. पाच मिनिटांत टोपात वाटीभर राखाडी, धुरकट पाणी. ते पाणी ती फडक्यातून गाळायची आणि वाटपात घालायची. मीठ अगदी शेवटी, चव बघून, तेही बहुतेक वेळा नाहीच. मूल मारिनिएर नीट समजून घेतलं तेव्हा मला कळलं की फ्रेंच दर्यावर्दी आणि आमची काकी एकाच गोष्टीवर उभे आहेत. फरक पुढचा. काकी त्या पाण्यावर मसाल्याचं घर बांधते. फ्रेंच लोक ते पाणी जवळजवळ तसंच ताटात आणून ठेवतात.

तेवढ्यासाठी शिनाणे ताजे हवेत, आणि साफ करताना जीव ओतायला हवा. घरी आणले की गोड्या पाण्यात भिजत टाकू नका, मरतात. ओल्या गोणपाटाखाली सावलीत ठेवायचे आणि करायच्या वेळीच धुवायचे. नारळाच्या शेंडीने एकेक घासायचा. आपले खडपावरचे शिनाणे, त्यांच्या पाठीवर कितीतरी जणांनी घरं केलेली असतात, पांढऱ्या टोकदार शंखल्या चिकटलेल्या असतात. त्या सुरीच्या पाठीने खरवडून काढायच्या, नाहीतर टोपात गळून पडतात आणि रश्श्यात कचकच येते. दोन शिंपांच्या फटीतून धाग्यांचा झुपका बाहेर आलेला असतो, तो निमुळत्या टोकाच्या दिशेने ओढून उपटायचा. हे काम अगदी चुलीवर ठेवायच्या आधी, कारण धागे उपटले की शिनाणा फार वेळ तग धरत नाही. ज्याचा शिंपला उघडा आहे त्याला टिचकी मारायची. मिटला तर जिवंत, न मिटला तर टाकून द्यायचा. फुटकाही टाकायचा. इथे हात आखडता घेऊ नये. एक मेलेला शिनाणा सगळ्या टोपाचं पाणी नासवतो.

एक किलो शिनाणे दोघांना पोटभर होतात, बाकी काही असेल तर चौघांना. कांदा मी अलिबागचा पांढरा घेते, तो गोड असतो आणि तिखटपणाने रश्श्यावर चढून बसत नाही. तो मिळाला नाही तर सांबारात घालतात ते छोटे कांदे. अगदी बारीक चिरायचा. रुंद बुडाच्या टोपात दोन चमचे लोणी, मंद आंचेवर कांदा फक्त मऊ होऊ द्यायचा. रंग आला की त्याची चव भाजल्यासारखी होते, ती इथे नको. एक-दोन लसणाच्या पाकळ्या ठेचून. काळी मिरी दोन-चार दाणे भरडून. बास. आलं नाही, हळद नाही. तिरफळ घालून बघ असं मला दोघा-तिघांनी सुचवलं, पण तिरफळ बांगड्या-तारल्यांच्या तेलाशी झुंजणारी गोष्ट आहे, या रश्श्यात ती दुसरं काही बोलूच देत नाही.

लोणी घरचं. इथे मला थोडं थांबायचं आहे, कारण क्रीमच्या प्रश्नाचं उत्तर याच लोण्याच्या बरणीशेजारी आहे. फ्रेंच लोक वापरतात ते क्रेम फ्रेश म्हणजे विरजण लावलेली साय. स्निग्धांश ३० टक्के किंवा त्याहून जास्त, किंचित आंबूस, चमच्यावर थांबणारी. आणि आपल्या घराघरांतून बायका काय करतात? रोजच्या दुधावरची साय एका भांड्यात साठवतात, विरजण लावतात, आणि मग घुसळून लोणी काढतात. घुसळण्याच्या आदल्या रात्री त्या भांड्यात जे असतं, ते क्रेम फ्रेशचं सख्खं भावंड आहे. म्हशीच्या दुधाची असेल तर आणखी उत्तम. फक्त आपल्या सायीत पापुद्रे असतात, म्हणून ती चमच्याने घोटून गाळणीतून दाबून घ्यावी लागते. पाकिटातलं फ्रेश क्रीम चालतं का? चालतं. पण त्यात २५ टक्क्यांच्या आसपास स्निग्धांश असतो आणि ते गोडसर असतं. आंबट आणि उष्णता एकदम मिळाली की ते लवकर फुटतं. स्निग्धांश जितका जास्त तितकी साय आंबटाला धीराने तोंड देते. आंबूस साय असली की लिंबूही पिळावं लागत नाही.

वाइनचं सांगते. अस्सल जोडी म्हणजे लुआर नदीच्या मुखाजवळची म्युस्काडे नावाची कोरडी, आंबट, पांढरी वाइन. आपल्याकडे नाशिकची शेनिन ब्लां किंवा सोविन्यों ब्लां मिळते. द्राक्षाची जात दोन्हींची फ्रान्सचीच. कोरडी बघून घ्यावी, गोड नको. ती मी वापरते आणि चांगली होते. पण मला स्वतःला आवडते ती माडी. सकाळी काढलेली, दुपारपर्यंत अर्धवट आंबलेली माडी. तिच्यात आंबटपणा आहे, हलका फेस आहे, आणि शिनाण्यांसारखीच तीही समुद्राच्या वाऱ्यात वाढलेल्या माडाची आहे. अगदी ताजी गोड असते, ती इथे उपयोगाची नाही. दुसऱ्या दिवशीची शिर्क्याकडे झुकते, तीही नको. मधली. अर्धी वाटी. ज्यांच्या घरी यातलं काहीच चालत नाही त्यांनी पाव वाटी पाण्यात बिमल्याचा, म्हणजे बिलिंबी या आंबट फळाचा, रस थोडा घालावा. कोकम घालू नका, त्याचा रंग सुटतो आणि पुढे साय घातल्यावर रश्श्याला जांभळट कळा येते.

कांद्यावर माडी ओतली, ती एकदा खळखळून उकळली की सगळे शिनाणे एकदम टोपात, झाकण घट्ट, आणि आंच जितकी मोठी करता येईल तितकी. इथे मंद आंच कामाची नाही. बूशोचे छोटे शिनाणे तीन-चार मिनिटांत होतात, आपले मोठे, पाच ते सहा मिनिटं लागतात. दोनदा झाकण धरून टोप हलवायचा म्हणजे खालचे वर येतात. आत काय होतं तर दोन शिंपा घट्ट मिटून धरणारा जो स्नायू असतो तो उष्णतेने सोडून देतो, शिंपला उघडतो, आणि इतका वेळ आत धरून ठेवलेलं समुद्राचं पाणी टोपात येतं. झाकण उघडल्यावर जी वाफ तोंडावर येते तिला खडपाचा वास असतो. लाट मागे सरल्यावर ओला दगड जसा वास देतो तो. मग झटपट झाऱ्याने शिनाणे बाहेर काढायचे. आणखी दोन मिनिटं राहिले तर चिवट होतात, मग त्यांना काही इलाज नाही. उघडले नसतील त्यांना एखादा मिनिट आणखी द्यावा. तरी मिटलेलेच राहिले तर आमच्याकडे टाकून देतात.

आता टोपात उरलं ते पाणी. गाळून घ्या, दुहेरी मलमलीतून, तळाचा शेवटचा चमचाभर गाळ टोपातच ठेवून. आणि मिठाच्या बरणीला हात लावू नका. समुद्राच्या एका लिटर पाण्यात ३५ ग्रॅमच्या आसपास क्षार असतात आणि शिनाण्याच्या पोटात तेच पाणी होतं. पण नुसता खारटपणा नाही. शिंपल्यांच्या मांसात ग्लायसीनसारखी गोड लागणारी अमिनो आम्लं असतात, ग्लुटामेट असतं, सक्सिनिक आम्ल असतं; खारट, गोड, आणि तोंडात मागे रेंगाळणारी ती भरीव चव सगळी तिथून येते. म्हणूनच मी हे पाणी फार आटवत नाही. हॉटेलात आटवून घट्ट करतात, पण आपल्या समुद्राचं पाणी आटवलं की मीठ जीभ भाजतं. चव बघायची, फार खारट वाटलं तर थोडं बाजूला काढायचं, आणि त्या जागी साय वाढवायची.

पाणी परत टोपात, मंद आंच. पाऊण वाटी साय एका वाडग्यात घेऊन तिच्यात पळीभर गरम पाणी घालून सारखी करायची, मग ती टोपात सोडायची आणि ढवळत राहायचं. उकळी येऊ द्यायची नाही. कडेला बुडबुडे दिसले की बंद. हे मला कुणी शिकवावं लागलं नाही, आणि कोकणातल्या कुठल्याही बाईला शिकवावं लागणार नाही, कारण नारळाचा रस घातल्यावर आमटी कशी जपायची असते हे आपल्याला पोटातूनच माहीत असतं. रस फुटता कामा नये, मग तो नारळाचा असो की गाईचा. शेवटी शिनाणे परत आत, चिरलेली पार्सली, वर मिरी. पार्सली आमच्याकडे बाजारात नाही. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात शोधली तर मिळते, आणि मी परसात एका कुंडीत लावली आहे. कोथिंबीर घालू नये असं माझं मत आहे. ती घातली की सगळं आपलं वाटतं, पण पाण्याची चव मागे जाते.

सायीऐवजी नारळाचाच रस का नाही, असं हमखास विचारलं जातं. करून बघा, छान होतं. पण तो वेगळा पदार्थ आहे. नारळाला स्वतःचं बोलायचं असतं, त्याची गोडी पुढे येते. साय गप्प राहून पाण्याचा खारटपणा अंगावर घेते आणि त्याला गोलाई देते.

खाण्याच्या वेळी काकीने टोपात डोकावून विचारलं, "दुधात शिनाणे?" तिचा प्रश्न रास्त होता. दूध आणि मासे एकत्र खाऊ नयेत हे आयुर्वेदाने विरुद्ध आहार म्हणून सांगितलेलं आहे आणि आपल्याकडे घराघरांत पाळलं जातं. मी तिच्याशी वाद घातला नाही. तेव्हापासून आमच्याकडे पाणी गाळलं की त्याचे दोन भाग होतात. एकात साय पडते. दुसऱ्यात नुसता लोण्याचा एक गोळा आणि पार्सली, तो काकीचा. म्हणजे तिच्या ताटात येतं ते मूल मारिनिएर, सगळ्यात साधं, दर्यावर्द्यांचं. तिने रस पिऊन पाहिला, पुन्हा प्यायली. "रस बरो झालो," म्हणाली, आणि वाटी पुढे केली. ज्यांना सायीची शंका आहे त्यांनी याच वाटेने जावं, काही गमावल्यासारखं वाटणार नाही.

बरोबर काय? तिकडे पाव किंवा तळलेले बटाटे. इथे बेकरीतला कडक पाव उत्तम, पण घावणे त्याहून उत्तम. घावण्याच्या जाळीत रस भरून येतो. मुलांना रिकाम्या शिंपल्याचा चिमटा मनापासून आवडतो.

मूक्लादही मी करते, कधीतरी. अंड्याचं बलक सायीत फेटून, आणि करी पावडरीच्या जागी धणे, मिरी, बडीशेप आणि थोडी हळद भाजून केलेली चिमूटभर पूड. चिमूटभरच. हे करताना मला माहे आठवतं. केरळच्या किनाऱ्यावरचं माहे १७२० च्या दशकात फ्रेंचांच्या हाती आलं आणि मधली काही वर्षं सोडली तर १९५४ पर्यंत त्यांच्याकडे होतं. त्या पट्ट्यात शिनाण्यांना कल्लुम्मक्काय म्हणतात, आणि तलश्शेरीकडे त्यात तांदळाचं वाटण भरून, उकडून, मसाला लावून तळतात. आपल्याच अरबी समुद्रावर, आपल्यासारख्याच खडपांच्या किनाऱ्यावर, जवळजवळ दोन शतकं फ्रेंच माणसं राहिली. त्यांच्या स्वयंपाकघरात एखाद्या मलबारी बाईने कोरड्या टोपावर झाकण मारलं असेल असं मला खात्रीने वाटतं.

एक गोष्ट मात्र जपून. शिनाणा दिवसभर पाणी गाळून त्यातलं बारीक अन्न खातो. मोठा शिनाणा तासाला कितीतरी लिटर पाणी आपल्यातून काढतो, आणि त्या पाण्यात जे असेल ते त्याच्या अंगात साठतं. गटार मिळणारी खाडी, जेटीचे खांब, बोटींचं तेल तरंगणारं बंदर, तिथले शिनाणे कितीही मोठे दिसले तरी घेऊ नयेत. पाणी लालसर किंवा हिरवट झालेलं दिसलं तरी नाही. विकणाऱ्या मावशीला विचारावं, ती खोटं सांगत नाही. ती स्वतःच्या घरीही तेच नेते. पाऊस सुरू झाला की खडपावर जाणंच बंद होतं, आणि तेच बरं आहे. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक बोटींची मासेमारीही बंद असते. केरळात कासरगोडच्या खाड्यांमध्ये बायकांचे गट दोरांवर शिनाणे वाढवतात. सिंधुदुर्गातही बचत गटांनी शिनाणे आणि कालवांच्या शेतीचे प्रयोग केले आहेत. ते वाढायला हवेत, खडपांवरचा भार तेवढाच कमी होईल, आणि त्या बायकांना लाटेकडे एक डोळा ठेवून काम करावं लागणार नाही.

रस उरला तर त्याचं काय, हेही सांगून टाकते. काकीच्या वाटणीचा, साय न घातलेला रस फ्रीजमध्ये दुसऱ्या दिवसापर्यंत चांगला राहतो. सकाळी उकड्या तांदळाच्या पेजेत तो मिठाऐवजी घालावा, नाहीतर कुठल्याही सुक्याच्या वाटपात. सायीचा रस ठेवू नये, त्याच रात्री संपवावा. त्यासाठी घावणे थोडे जास्तच काढायला घ्या.